सुझान बिअरचे सिनेमे महिनाभर बघितले, पैसे वसूल झाले का?

आधी नावावरून हसून घ्या. हो, बिअर. आमच्याकडे पहिल्या दिवशी ह्यातच पंधरा मिनिटं गेली, मुलगा बाबांना ओरडून सांगतोय "आई रात्री बिअर घेऊन बसते" आणि सासूबाई आतून "काय घेऊन बसते?" झालं हसून? आता पुढे.

तर परदेशी सिनेमे दाखवणारं एक ॲप आहे, नाव लिहीत नाही कारण पुढे तक्रार करणार आहे, त्याचं महिन्याचं सबस्क्रिप्शन घेतलं आणि ठरवलं की ह्या महिन्यात एकाच बाईचे सिनेमे बघायचे, उगाच स्क्रोल करत जांभया देत झोपायचं नाही. ही बाई म्हणजे सुझान बिअर, डेन्मार्कची, जन्म १९६० कोपनहेगनचा. तुम्ही तिचं काम बघितलंय पण नाव माहीत नसेल अशी शक्यता बरीच आहे. 'बर्ड बॉक्स' आठवतोय का, २०१८ चा, सँड्रा बुलक डोळ्याला पट्टी बांधून दोन पोरांना घेऊन नदीतून जाते तो? नेटफ्लिक्सनेच सांगितलं होतं की पहिल्या आठवड्यात साडेचार कोटी अकाउंट्सवर तो बघितला गेला. तो हिचा. आणि अनिल कपूर, आदित्य रॉय कपूरची 'द नाइट मॅनेजर' २०२३ ला आली ना, तिची मूळ इंग्रजी सीरिज २०१६ ची, टॉम हिडलस्टन आणि ह्यू लॉरीवाली, तीसुद्धा हिचीच, सगळे सहाच्या सहा एपिसोड हिने केलेत आणि त्यासाठी एमी हा टीव्हीचा मोठा पुरस्कार मिळाला. मी तिथूनच उलटी चालत गेले. हिंदी बघितली, मग मूळ बघितली, मग वाटलं की बंदुकांचा धंदा करणाऱ्या माणसाच्या गोष्टीत घरातली जेवणाची टेबलं एवढी कोण दाखवतं, म्हणून बाईचं नाव शोधलं.

आणि टेबलं हाच मुद्दा आहे. म्हंजे युद्ध, ड्रग्ज, शाळेतली दादागिरी, अपंगत्व, गरीब देशांना मदत करणारे गोरे लोक, हे सगळे पेपरात पहिल्या पानावर येणारे विषय ही बाई घेते आणि उचलून एखाद्याच्या स्वयंपाकघरात आणून ठेवते. भाषण नाही, आकडेवारी नाही, मोर्चा नाही. चार माणसं जेवताहेत आणि त्यात एकजण काहीतरी लपवतोय, बस. तिने फिल्म स्कूलच्या आधी जेरुसलेमला कलेचं आणि मग लंडनला आर्किटेक्चरचं शिक्षण घेतलं होतं, मग कोपनहेगनच्या नॅशनल फिल्म स्कूलमधून १९८७ ला बाहेर पडली. मला तरी ते आर्किटेक्चर दिसतं. हिच्या सिनेमात घर कुठल्या बाजूने उघडं आहे, खिडकी कुठे आहे, कोण दारात उभं आहे आणि कोणाला आत यायचं धाडस होत नाहीये हे फार नीट कळतं.

घराण्याची गोष्टही सांगते कारण ती सिनेमात झिरपलेली वाटते. ज्यू कुटुंब. वडील १९३३ ला जर्मनीतून डेन्मार्कला आले, म्हंजे हिटलर आला तेच वर्ष, आणि मग १९४३ च्या ऑक्टोबरमध्ये तिथेही धरपकड सुरू झाली तेव्हा सात हजारांवर ज्यू लोकांना रात्रीअपरात्री होड्यांमधून समुद्र ओलांडून स्वीडनला नेलं गेलं, त्यात हिचे आईवडीलही गेले. अशा घरात वाढलेल्या माणसाला "आपलं सगळं छान चाललंय" ह्या वाक्यावर विश्वास बसत नसणार. हिच्या प्रत्येक सिनेमात पहिली वीस मिनिटं सगळं छान चाललेलं असतं.

सुरुवातीचे सिनेमे ॲपवर नव्हतेच. १९९१ चा 'फ्रॉइड लीव्हिंग होम' नावाचा पहिला, स्वीडनमधल्या ज्यू कुटुंबावरचा, आणि १९९९ ची 'डेन एनेस्टे एने' ही रोमँटिक कॉमेडी जी डेन्मार्कमध्ये तुफान चालली, दोन्ही नाहीत. ही तक्रार नंबर एक. म्हंजे बाईने लोकांना खळखळून हसवलं तो भाग गायब आणि रडवलं तेवढं सगळं हजर.

मी सुरुवात केली २००२ च्या 'ओपन हार्ट्स' पासून. मूळ डॅनिश नावाचा अर्थ 'तुझ्यावर कायम प्रेम' असा काहीतरी आहे, आणि सिनेमा बघितल्यावर कळतं की नाव किती खवचट आहे. हा डोग्मा सिनेमा, नंबर २८. डोग्मा म्हंजे १९९५ ला लार्स फॉन ट्रिअर आणि थॉमस विंटरबर्ग ह्या दोघा डॅनिश लोकांनी काढलेली सोवळ्याची नियमावली, कॅमेरा हातातच धरायचा, सेट लावायचा नाही, वेगळे दिवे नाहीत, वरून म्युझिक चढवायचं नाही, डायरेक्टरचं नावसुद्धा टाकायचं नाही. बघताना पहिली दहा मिनिटं वाटतं की कोणाच्या तरी मुंजीचं शूटिंग लागलंय. मग एक मुलगा गाडीतून उतरतो आणि दुसरी गाडी येऊन त्याला उडवते. नुकतं लग्न ठरलेलं त्याचं. मानेखाली पूर्ण लुळा. ज्या बाईच्या गाडीने उडवलं तिचा नवरा त्याच हॉस्पिटलात डॉक्टर, बायकोच त्याला म्हणते की जा त्या मुलीशी बोल, धीर दे, आणि तो धीर देता देता तिच्या प्रेमात पडतो. सांगायला गेलं तर दुपारच्या सीरियलची गोष्ट आहे ही, खरंच, आपल्याकडे चारशे एपिसोड झाले असते. पण तो अंथरुणात पडलेला मुलगा जेव्हा होणाऱ्या बायकोला आणि नर्सला वाट्टेल ते घाण बोलायला लागतो ना, तिथे अंगावर येतं. आपल्या सिनेमात अपंग माणूस एकतर देव असतो नाहीतर बिचारा. हा नुसता चिडलेला आहे. डॉक्टरचं काम मॅड्स मिकेल्सनने केलंय, तेव्हा तो जगाला फारसा माहीत नव्हता.

मग 'ब्रदर्स', २००४. माझ्या मते हा सगळ्यात चांगला. पाच पैकी साडेचार. मोठा भाऊ मायकल सैन्यात, शिस्तीचा, बायको, दोन मुली, धाकटा यानिक नुकताच तुरुंगातून सुटलेला. प्रत्येक घरात असते ना ही जोडी, एक फोटो भिंतीवर लावायचा आणि एकाबद्दल विचारलं की विषय बदलायचा. मोठा अफगाणिस्तानात जातो, हेलिकॉप्टर पडतं, घरी निरोप येतो की गेला. आणि मग तो धाकटा, जो कधी एक काम धड करत नाही, तो हळूहळू वहिनीकडे यायला लागतो, पोरींशी खेळतो, आणि भावाने अर्धवट सोडलेलं स्वयंपाकघर मित्रांना गोळा करून पूर्ण करून देतो.

इथे मी पॉज केलं होतं. आमच्याकडे ट्रॉल्या बसवायला सव्वा महिना लागला होता, मिस्त्री दोन वेळा गावाला गेला, तेव्हा मला त्या ओट्याची किंमत माहितीये. म्हणून पुढे जेव्हा तो मोठा भाऊ, जो मेलेला नसतोच, परत येतो आणि एक दिवस तेच स्वयंपाकघर फोडायला लागतो, कपाटं, काचा, सगळं, तेव्हा मी अक्षरशः उभी राहिले. त्याला तिकडे कैदेत काय करायला लावलं ते आपल्याला माहीत असतं, घरच्यांना नसतं. सोबतच्या दुसऱ्या डॅनिश कैद्याला स्वतःच्या हाताने मारायला लावलंय त्याला. आणि तो परत आल्यावर त्या मेलेल्या माणसाच्या बायकोला भेटायला जातो, तिच्या घरी बसतो, आणि बोलत नाही. काहीच बोलत नाही. तो सीन बघून नवरा म्हणाला "सांगून टाक ना बाबा", एवढंच, आणि उठून पाणी प्यायला गेला.

डेन्मार्क एवढासा देश, पण अफगाणिस्तानात त्यांचे ४३ सैनिक गेले, लोकसंख्येच्या मानाने हा आकडा फार मोठा धरतात. हा सिनेमा २००४ चा, म्हंजे त्यातले बहुतेक मृत्यू व्हायच्या आधीचा. बाईने मेलेल्यांवर नाही, परत आलेल्यांवर सिनेमा केला. वहिनीचं काम कॉनी नील्सनचं, 'ग्लॅडिएटर' मधली. २००९ ला हॉलिवूडने ह्याचा रिमेक केला, टोबी मॅग्वायर वगैरे घेऊन, तो बघायची गरज नाही, मोठी नावं आहेत, मूळचा ओलावा नाही.

आता 'आफ्टर द वेडिंग', २००६. ऑस्करचं नॉमिनेशन मिळालेला. हा मी मुद्दाम सासूबाईंना घेऊन बसले कारण सुरुवात भारतात होते. मॅड्स मिकेल्सन इथे अनाथाश्रम चालवतोय, पैसे संपत आलेत, डेन्मार्कचा एक गडगंज माणूस म्हणतो की स्वतः इकडे ये मग देतो. हा नाखुशीने जातो. तिथे त्या माणसाच्या मुलीचं लग्न आहे, चल तूही ये म्हणतात, हा जातो, आणि नवरीची आई म्हंजे ह्याची वीस वर्षांपूर्वीची प्रेयसी निघते. पुढचं तुम्ही ओळखलं असणार, लग्नाच्या जेवणात नवरी भाषण करायला उठते तेव्हा ह्याचा चेहरा बघा, एक शब्द न बोलता तो माणूस हिशोब करतोय, बोटं मोजावीत तसा.

आता खरं सांगते. भारताचा भाग बघून माझी चिडचिड झाली. पिवळट धुळीचा रंग, गर्दी, मोठ्या डोळ्यांची पोरं, सगळी एकजात गोड आणि कृतज्ञ. सासूबाई म्हणाल्या "अगं ह्या पोरांना कोणी नावं ठेवली नाहीत का?" बरोबर प्रश्न. एका प्रमोदला आहे नाव, बाकीची पोरं म्हंजे पडद्यामागचा पडदा. डेन्मार्कच्या त्या बंगल्यात मात्र प्रत्येक माणसाला चार चार पदर, नोकरमाणसालासुद्धा स्वतःची नजर. भिंतीवर लावलेल्या मेलेल्या प्राण्यांच्या डोळ्यांनासुद्धा क्लोजअप मिळालाय, आणि आमच्या पोरांना नाही.

पण थांबा, एक गोष्ट मान्य करावी लागेल. शेवटी तो मिकेल्सन प्रमोदला म्हणतो की चल माझ्याबरोबर डेन्मार्कला, आता माझ्याकडे पैसे आहेत. आणि प्रमोद नको म्हणतो. सिनेमाभर श्रीमंतांना शिव्या घालणारा माणूस आता स्वतः श्रीमंत घरातला झालाय आणि मुलाला ते आवडलेलं नाही, की मित्र सोडायचे नाहीत, काय ते नीट सांगत नाहीत. सासूबाई समाधानाने "हं" म्हणाल्या आणि देवापाशी दिवा लावायला गेल्या. म्हंजे बाईला कळत असावं की मदत करणाऱ्या माणसाच्या हातात काय काय असतं, फक्त तिला त्या मदत करणाऱ्याच्याच घरात जास्त रस आहे. आणि त्या गडगंज माणसाचा, रोल्फ लासगोर्डचा, मरायचं नाहीये म्हणून लहान मुलासारखा रडण्याचा सीन आहे, तो मी परत लावला नाही. एकदाच पुरे. पाच पैकी चार. ह्याचाही २०१९ ला अमेरिकन रिमेक आला, पुरुषांच्या जागी बायका घेऊन, ज्युलियन मूर आणि मिशेल विल्यम्स, आणि अनाथाश्रम कोलकात्यात.

ॲपची तक्रार नंबर दोन इथेच लिहून टाकते. सबटायटल्स. ह्या सिनेमात डॅनिश, स्वीडिश, इंग्रजी आणि हिंदी एवढ्या भाषा, आणि सबटायटल दोन सेकंद उशिरा. दोन सेकंद ऐकायला कमी वाटतात. नवरी भाषणात बॉम्ब टाकते, सगळ्यांचे चेहरे पडतात, आणि मला दोन सेकंदांनी कळतं का पडले. कस्टमर केअरला मेल केली तर उत्तर आलं की ॲप काढून परत टाका. काढलं, टाकलं, उशीर तेवढाच. शेवटी लॅपटॉपवर बघितलं तर नीट, टीव्हीवरच लोचा होता.

'इन अ बेटर वर्ल्ड', २०१०. ह्याला ऑस्कर, २०११ ला, सर्वोत्कृष्ट परभाषिक चित्रपट, शिवाय गोल्डन ग्लोब. डॅनिश नाव 'हेव्नेन', म्हंजे सूड. मला कळत नाही सूड एवढं चांगलं नाव असताना इंग्रजीत ते सुविचारासारखं नाव का दिलं. पोरं असतील आणि शाळेत जात असतील तर हा बघाच. एलियास नावाचा मुलगा, दातांवरून चिडवतात, स्वीडिश आहे म्हणून चिडवतात, सायकलची हवा काढतात. नवीन आलेला ख्रिस्तियान, आई कॅन्सरने गेलेली, तो चिडवणाऱ्या पोराला सायकलच्या पंपाने बदडून काढतो आणि चाकू दाखवतो. आणि खरं सांगू, त्या क्षणी बरं वाटतं. माझ्या मुलाला चौथीत असाच त्रास होता, शाळेत तीन चकरा मारल्या होत्या मी, तेव्हा मला तो पंप बघून आतून गार वाटलं आणि लगेच स्वतःची लाज वाटली. सिनेमाला हेच पाहिजे होतं.

एलियासचा बाबा आन्टोन डॉक्टर, आफ्रिकेतल्या निर्वासितांच्या छावणीत काम करतो, येऊन जाऊन असतो. मैदानात दोन लहान पोरांची भांडणं सोडवायला जातो तर दुसऱ्या पोराचा बाप, एक गॅरेजवाला, ह्याच्या सणकन कानाखाली वाजवतो. पोरांसमोर. आन्टोन हात उचलत नाही. आणि मग पोरांना शिकवायला, की बघा मी घाबरत नाही आणि तो माणूस मूर्ख आहे, त्यांना घेऊन मुद्दाम त्याच्या गॅरेजवर जातो. तिथे परत थपडा खातो. सरळ उभा राहून. बाहेर आल्यावर म्हणतो बघितलंत, तो हरला, आणि ख्रिस्तियान म्हणतो की त्याला तसं वाटलेलं दिसत नाही. ह्या एका वाक्यासाठी दोन तास द्यायला हरकत नाही. आपण पोरांना सांगतो ना "तू लक्ष देऊ नकोस, आपोआप गप्प बसतील", त्या सगळ्या आयाबापांना ही चपराक आहे. संध्याकाळी तो आन्टोन एकटा पाण्यात पोहायला जातो, काही बोलत नाही, तुम्हीच समजा गाल अजून दुखतोय.

पुढे ती पोरं काय करतात ते लिहीत नाही, आजोबांच्या शेडमध्ये फटाक्यांची दारू सापडते एवढंच सांगते. आणि तिकडे छावणीत गरोदर बायकांना फाडणारा एक गुंड पायाला जखम घेऊन उपचाराला येतो, डॉक्टर काय करणार? तिथेही तीच खोट, केनियात शूट केलंय, पण छावणीतली माणसं म्हंजे आन्टोनच्या सद्सद्विवेकाची परीक्षा घ्यायला आलेली, त्यांची स्वतःची गोष्ट नाही. चार वर्षांत फार फरक पडला नाही ह्यात. तरी पाच पैकी चार.

मधले भराभर. २०१२ चा 'लव्ह इज ऑल यू नीड', कॅन्सरमधून बाहेर आलेली केशभूषाकार बाई आणि पिअर्स ब्रॉस्नन, इटलीत सोरेंटोला, लिंबाच्या बागा, रविवारी दुपारी वरणभात खाऊन बघायला उत्तम. ट्रीने डिरहोल्म काय नटी आहे, टक्कल घेऊन समुद्रात शिरते तेव्हा ब्रॉस्ननसारखेच आपणही बघत बसतो. 'सेरेना' सोडून द्या.

२०१४ चा 'अ सेकंड चान्स' मात्र एकटीने बघू नका, आणि नुकतं बाळंतपण झालेलं असेल तर अजिबात नको. एक पोलीस, एका नशेडी जोडप्याच्या घरी धाड टाकतो तर कपाटात स्वतःच्याच घाणीत पडलेलं तान्हं बाळ सापडतं. ह्याच्या घरीही तेवढंच बाळ, सुंदर घर, सुंदर बायको. मग एका रात्री ह्याचं बाळ मरतं आणि हा डोकं फिरल्यासारखा जाऊन बाळं बदलतो. मी म्हणते गोष्ट पटत नाही, पोलीस असून इतका येडेपणा? पण कोणतं घर बाळासाठी सुरक्षित आणि कोणतं धोक्याचं हे आपण भिंतींच्या रंगावरून ठरवतो, हा जो काटा तिने टोचलाय तो निघत नाही. ती नशेडी आई सगळ्यांना सांगत असते की हे मेलेलं बाळ माझं नाही, आणि कोणी ऐकत नाही कारण ती नशेडी आहे. साडेतीन.

ह्यातले 'ओपन हार्ट्स' पासूनचे सगळे डॅनिश सिनेमे अँडर्स थॉमस येन्सन ह्या लेखकाबरोबरचे आहेत, आणि हा माणूस योगायोगाचा फार लाडका. नेमका तोच डॉक्टर, नेमकं तेच लग्न. पहिल्या दोन सिनेमांत चालून जातं, पाचव्याला तुम्ही आधीच ओळखता. सलग बघू नका, मी केलेली चूक. मध्ये एखादं नाटक, क्रिकेट, काहीतरी टाका. आणि चेहऱ्यांचे इतके जवळचे क्लोजअप की डोळा, बोट, ओठ, शेवटी शेवटी मी नवऱ्याकडेही तसंच बघायला लागले, तो म्हणाला काय झालं.

गेल्या दहाएक वर्षांत बाई जास्त करून अमेरिकेतल्या मोठ्या पैशांच्या सीरिजकडे गेली, 'द अनडूइंग', 'द परफेक्ट कपल', श्रीमंतांची घरं आणि त्यातला खून. बघायला मजा येते, फोन हातात ठेवून बघता येतात. 'ब्रदर्स' फोन हातात ठेवून बघता येत नाही.

ॲपला पाच पैकी अडीच. सिनेमे मिळाले म्हणून दोन, लॅपटॉपवर चाललं म्हणून अर्धा. ऑटो रिन्यूअल बंद करायचं बटण सेटिंगमध्ये सापडणार नाही, ते ब्राउझरमधून लॉगिन करून प्रोफाइलच्या अगदी खाली आहे, आणि निदान तीन दिवस आधी करा, मी एक दिवस आधी केलं तर पैसे कापलेच. त्यामुळे आता अजून एक महिना आहे हातात, आणि सासूबाईंनी विचारलंय की तो प्रमोदवाला परत लावतेस का, शेवटचा भाग तेवढा.